ग्रॅच्युइटी अडकली म्हणून क्वार्टर धरून बसू का?

प्रश्न: मी ३१ मार्च २०२५ रोजी रेल्वेतून मुख्य कार्यालय अधीक्षक म्हणून निवृत्त झालो. सेवा ३३ वर्षांची, शेवटचा मूळ पगार ६०,४०० रुपये. अजनीच्या रेल्वे कॉलनीत टाइप-३ क्वार्टरमध्ये अजून राहतो. निवृत्तीनंतरचे चार महिने साध्या भाड्यावर मिळाले, ते ३१ जुलैला संपले. पत्नीचं धंतोलीत डायलिसिस चालू आहे, म्हणून पुढच्या चार महिन्यांसाठी १० जुलैला अर्ज दिला होता. त्यावर हो-नाही काहीच आलं नाही. बेसा भागात घेतलेल्या फ्लॅटचा ताबा बिल्डर आता मार्चमध्ये देतो म्हणतो. पीएफ, रजेचे पैसे आणि पेन्शन मिळाली, पण ग्रॅच्युइटीचा एक रुपया नाही. या महिन्यात, जानेवारीत, दोन कागद आले. एक इस्टेट ऑफिसरची (सरकारी जागा रिकाम्या करून घेणाऱ्या अधिकाऱ्याची) घर रिकामं करण्याबद्दलची कलम ४ खालची नोटीस, सुनावणी पुढच्या आठवड्यात. दुसरं कार्मिक शाखेचं पत्र: ऑगस्ट ते डिसेंबरचं दंडात्मक भाडं महिना २१,००० प्रमाणे १,०५,००० रुपये, न भरल्यास पेन्शनवरच्या महागाई मदतीतून कापू. शेजारचे म्हणतात, ग्रॅच्युइटी हातात येईपर्यंत चावी देऊ नका. साडूचा मुलगा म्हणतो, दिवाणी कोर्टातून स्टे आणू. काय करावं?
एक निवृत्त रेल्वे कर्मचारी, अजनी, नागपूर

उत्तर: तुमच्या पत्रात दोन भांडणं एकमेकांत मिसळली आहेत, एक ताब्याचं आणि एक पैशाचं. ताब्याचं भांडण तुम्ही हरणार आहात, आणि ते जितकं लांबेल तितका त्याचा खर्च तुमच्याच ग्रॅच्युइटीतून जाईल. पैशाच्या भांडणात मात्र तुमची बाजू बरीच चांगली आहे. म्हणून जानेवारी संपायच्या आत क्वार्टर रिकामं करून रीतसर ताबा द्या आणि ऑगस्ट ते नोव्हेंबरच्या भाड्यासाठी कागदावर लढा. शेजाऱ्यांचा सल्ला नेमका उलटा आहे. तो का चुकतो, ते आधी आकड्यांत बघा.

तुमची ग्रॅच्युइटी साधारण अशी निघते. मूळ पगार ६०,४०० आणि त्यावर निवृत्तीच्या दिवशी लागू असलेला ५५ टक्के महागाई भत्ता, मिळून ९३,६२० रुपये. दर पूर्ण सहामाहीला याचा पाव हिस्सा, म्हणजे ६६ सहामाह्यांना साडेसोळा पट. रक्कम होते १५,४४,७३०. हे पैसे रेल्वेकडे रोख स्वरूपात पडून आहेत आणि घर तुमच्या ताब्यात असेपर्यंत त्यावर व्याज मागता येत नाही, कारण अडवणुकीचं कारण तुमच्याकडूनच पुरवलं जातं. हीच रक्कम ७ टक्क्यांनी बँकेत असती तर महिन्याला ९,००० रुपये आले असते. दंडात्मक भाडं २१,००० आणि हे बुडणारं व्याज ९,०००, म्हणजे या क्वार्टरमधला प्रत्येक महिना तुम्हाला ३०,००० रुपयांना पडतो. मनीषनगर किंवा बेसा बाजूला समजा १२,००० रुपयांनी दोन खोल्या मिळाल्या, टेम्पोचा आणि आगाऊ रकमेचा खर्च धरला, तरी फेब्रुवारी-मार्च तिथे काढणं कितीतरी स्वस्त आहे. पत्नीच्या फेऱ्यांसाठी धंतोलीजवळचं, तळमजल्याचं किंवा लिफ्टचं घर घेऊन दोन-तीन हजार जास्त गेले तरी हिशेब बदलत नाही.

आता नियम. रेल्वे सेवा (पेन्शन) नियम, १९९३ मधला नियम १६, त्यातला उपनियम ८, हा तुमच्या प्रकरणाचा कणा आहे. तो चार गोष्टी सांगतो. निवृत्तीनंतर क्वार्टर सोडलं नसेल तर ग्रॅच्युइटीची पूर्ण रक्कम रोखता येते. मुदतीनंतरही घर धरून ठेवलं तर साधं भाडं, विशेष परवाना शुल्क (म्हणजे दुप्पट भाडं) किंवा दंडात्मक भाडं, जे लागू असेल ते त्यातून वळतं करून उरलेली रक्कम ताबा दिल्यावर परत करायची. एवढ्यानेही भागलं नाही, तर बाकी रक्कम पेन्शनरच्या संमतीशिवाय महागाई मदतीतून वसूल करता येते. आणि चौथी गोष्ट, जी कार्मिक शाखेच्या पत्रात कधी लिहिलेली नसते: भाड्याच्या किंवा दंडाच्या वसुलीबद्दल वाद असेल तर त्याचा निवाडा इस्टेट ऑफिसरने करायचा.

यातल्या शेवटच्या दोन गोष्टी तुमच्या उपयोगाच्या आहेत. महागाई मदतीला हात लावण्याची पाळी ग्रॅच्युइटी पुरली नाही तर येते. तुमच्या बाबतीत मागणी एक लाखाची आणि रेल्वेच्या हातात पंधरा लाख. ३०,२०० मूळ पेन्शनवर ५८ टक्क्यांनी मिळणारी १७,५१६ रुपयांची मदत कापायला आज काहीच आधार नाही. हे एका परिच्छेदात लिहून कार्मिक शाखेला, लेखा शाखेला आणि पेन्शन देणाऱ्या बँकेच्या केंद्रीकृत पेन्शन कक्षाला द्या. बँकेला वसुलीचं पत्र एकदा गेलं की ते थांबवायला फार खेटे घालावे लागतात, म्हणून हे पत्र आजच द्या.

दुसरी गोष्ट वादाची. तुम्ही गप्प राहिलात तर शाखा रक्कम कापून मोकळी होईल. “मला ही रक्कम मान्य नाही, नियम १६(८) प्रमाणे निवाडा व्हावा” असं लेखी दिलंत की प्रकरण इस्टेट ऑफिसरपुढे जायला हवं. कार्मिक शाखेचं मागणीपत्र म्हणजे आदेश नव्हे. सार्वजनिक जागा (अनधिकृत भोगवटादारांचे निष्कासन) अधिनियम, १९७१ च्या कलम ७ खाली नुकसानभरपाई ठरवताना आधी कारणे दाखवा नोटीस द्यावी लागते आणि मग कारणांसह आदेश करावा लागतो. तुमच्याकडे कलम ४ ची नोटीस आली आहे, ती घर रिकामं करण्यापुरती. पैशांसाठी कलम ७ ची वेगळी नोटीस आली आहे का, ते कागद पुन्हा वाचून खात्री करा. पुष्कळ लोक दोन्ही कागद एकच समजतात आणि एकालाच उत्तर देतात.

मागणीचे दोन तुकडे करा. ऑगस्ट ते नोव्हेंबर हे चार महिने, ८४,००० रुपये. डिसेंबरपासून पुढचे महिने, दरमहा २१,०००. निवृत्तीनंतर रेल्वे चार महिने साध्या भाड्यावर देते आणि पुढचे चार महिने, कारण लिहून परवानगी मागितल्यावर, दुप्पट भाड्यावर देऊ शकते. यालाच विशेष परवाना शुल्क म्हणतात. एकूण आठ महिने, तुमच्यासाठी ३० नोव्हेंबरपर्यंत. त्यानंतर सवलत नाही, आजारपणावर नाही आणि बिल्डरच्या उशिरावर तर नाहीच. म्हणून डिसेंबर आणि जानेवारीच्या दंडावर शक्ती घालवू नका, ती रक्कम द्यावीच लागेल. लढाई त्या ८४,००० ची आहे आणि तिचा पाया तुमचा १० जुलैचा अर्ज.

त्या अर्जाबद्दल तीन प्रश्न स्वतःला विचारा. पोहोच आहे का? म्हणजे आवक शिक्का, तारीख आणि डायरी नंबर असलेली प्रत. मुदत चालू असताना दिला का? हो, १० जुलै हा ३१ जुलैच्या आधी येतो, आणि हा मुद्दा फार मोलाचा आहे. मुदत संपल्यावर अर्ज देणाऱ्यांची बाजू इथेच ढासळते. तिसरा प्रश्न, आजारपणाचा पुरावा काय जोडला? खासगी दवाखान्याच्या चिठ्ठीवर शाखा नाक मुरडते, रेल्वेच्या वैद्यकीय अधिकाऱ्याचा कागद मागते. तुमच्याकडे तो बहुधा आधीच आहे. पत्नीचं डायलिसिस उमीद कार्डावर (रेल्वेच्या वैद्यकीय ओळखपत्रावर), रेल्वे रुग्णालयाच्या रेफरलने होत असेल, तर ते रेफरल म्हणजे रेल्वेच्याच डॉक्टरची तारखेसह सही. जुलै ते नोव्हेंबरची सगळी रेफरल पत्रं काढा, तारखेप्रमाणे लावा आणि वर एका पानाची यादी जोडा. रेल्वेचा एक विभाग दर महिन्याला डायलिसिसला पाठवतो आणि दुसरा विभाग आजारपण दिसलं नाही म्हणतो, ही विसंगती त्या यादीतून आपोआप उघडी पडते.

पोहोच हरवली असेल तर माहिती अधिकाराचा अर्ज करा. शुल्क १० रुपये, उत्तराची मुदत ३० दिवस. मागायचं एवढंच: १० जुलैच्या आवक नोंदवहीच्या पानाची प्रत, त्या अर्जावरच्या टिप्पण्यांची प्रत आणि अर्ज नामंजूर झाला असल्यास त्या आदेशाची प्रत. “का उत्तर दिलं नाही” असे प्रश्न विचारू नका. माहिती अधिकारात कागद मिळतो, खुलासा मिळत नाही. सुनावणी त्याआधी असेल तर हेच कागद मागवण्याची विनंती इस्टेट ऑफिसरला लेखी करा. साक्षीदार बोलावण्याचे आणि कागद हजर करायला लावण्याचे दिवाणी न्यायालयाचे अधिकार कलम ८ ने त्याला दिले आहेत.

एक लक्षात असू द्या. अर्जाला उत्तर न येणं म्हणजे परवानगी नव्हे. “मौन म्हणजे संमती” हा युक्तिवाद इथे टिकत नाही. तुमचा मुद्दा असा असायला हवा की पात्र कारणाचा, मुदतीतला अर्ज प्रशासनाने निर्णय न देता ठेवला, तेव्हा आता त्यावर निर्णय द्या आणि १ ऑगस्ट ते ३० नोव्हेंबर हा काळ विशेष परवाना शुल्कावर नियमित करा. म्हणजे हट्ट राहत नाही, प्रलंबित काम पूर्ण करण्याची मागणी राहते. असा आदेश झाला तर ८४,००० च्या जागी दुप्पट परवाना शुल्काएवढी, तुलनेने अगदी किरकोळ रक्कम लागेल.

सुनावणीला जाच. गैरहजर राहिलात तर कागदावर एकच बाजू राहते. इस्टेट ऑफिसर रेल्वेचाच राजपत्रित अधिकारी असतो. ते लोकांना खटकतं, पण कायद्यानेच तसं ठरवलं आहे आणि तिथे भांडून उपयोग नाही. उलट, पुढे जिल्हा न्यायाधीशांपुढे गेलात तर ते इथल्याच कागदांवरून बघतील. म्हणून तोंडी बोललेलं प्रत्येक वाक्य लेखी उत्तरात असू द्या. उत्तर इंग्रजीत किंवा हिंदीत द्या, दोन प्रती न्या, एकीवर शिक्का घ्या. मजकूर असा ठेवा:

“मी क्वार्टर क्र. … दि. ३१ जानेवारीपर्यंत रिकामं करून ताबा देत आहे. त्यामुळे निष्कासनाचा आदेश आवश्यक नाही. १ ऑगस्ट ते ३० नोव्हेंबर २०२५ या काळासाठी मी दि. १० जुलै २०२५ रोजी, मुदतीत, पत्नीच्या आजारपणाच्या कारणावर अर्ज केला आहे. त्यावर निर्णय झालेला नाही. त्या काळाच्या दंडात्मक भाड्याची मागणी मला मान्य नाही. सदर वादाचा निवाडा नियम १६(८) आणि अधिनियमाच्या कलम ७ प्रमाणे करण्यात यावा. सोबत: अर्जाची पोहोच, रेफरल पत्रांची यादी व प्रती.”

एवढं पुरे. नोकरीतल्या सेवेचा इतिहास, कोणत्या बाबूने काय म्हटलं, बिल्डरची फसवणूक, हे उत्तरात घालू नका. तारीख मात्र अशीच लिहा जी तुम्ही नक्की पाळाल. पाळली नाही तर पुढच्या प्रत्येक टप्प्यावर तेच वाक्य तुमच्यासमोर ठेवलं जाईल.

नोटीस नीट तपासायला हरकत नाही: क्वार्टर नंबर, कारणं, इस्टेट ऑफिसरची स्वतःची सही आहे की “करिता” म्हणून कोणा कारकुनाची. चूक सापडली तर उत्तरात नोंदवा, पण तिच्या भरवशावर घर धरून ठेवू नका. नोटीस रद्द झाली तर आठवड्याभरात नवी येते आणि मधल्या काळाचं भाडं चढतच राहतं. शिवाय २०१९ च्या दुरुस्तीने सरकारी निवासस्थानांसाठी कलम ३ब आलं आहे. त्यात कारण दाखवायला फक्त तीन कामाचे दिवस मिळतात. तुमची नोटीस कलम ४ ची आहे, पण पुढची त्या कलमाखाली येणार नाही याची खात्री कोणी देऊ शकत नाही.

दिवाणी कोर्टाच्या स्टेबद्दल. याच अधिनियमाच्या कलम १५ ने अशा प्रकरणांत दिवाणी न्यायालयाचं दार बंद केलं आहे. दावा दाखल होईल, वकिलाची फी जाईल आणि अधिकारक्षेत्राच्या मुद्द्यावर तो पडेल. वर, कलम ३ब खालच्या निष्कासनाच्या आदेशाला न्यायालयात आव्हान देऊन राहणाऱ्याने दरमहा नुकसानभरपाई भरत राहायची, अशी तरतूदही २०१९ मध्येच कलम ७ ला जोडली आहे. सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०२१ मध्ये ओंकारनाथ धर प्रकरणात साफ सांगितलं की निवाऱ्याचा हक्क म्हणजे सरकारी घराचा हक्क नाही, ही घरं सेवेत असलेल्यांसाठी आहेत. तुमच्या मागे बदली होऊन आलेला कोणी तरी वाटपाच्या यादीत थांबला आहे. न्यायालय त्याचाही विचार करतं आणि ते योग्यच आहे.

ताबा देण्याच्या दिवसाबद्दल सविस्तर सांगतो, कारण सगळ्यात जास्त पैसे इथेच बुडतात. सामान हलवलं, कुलूप लावलं आणि चावी शेजाऱ्याकडे ठेवली, याला ताबा देणं म्हणत नाहीत. व्हेकेशन मेमोवर, म्हणजे क्वार्टर रिकामं करून ताबा दिल्याच्या कागदावर, जी तारीख पडते त्या दिवसापर्यंत भाडं चालू राहतं. अगोदर आठ-दहा दिवस, म्हणजे अगदी आता, सीनियर सेक्शन इंजिनिअर (वर्क्स), ज्याला कॉलनीत सगळे अजून आयओडब्ल्यू (इन्स्पेक्टर ऑफ वर्क्स) म्हणतात, त्यांना आणि विद्युत विभागाच्या त्यांच्या समकक्षाला लेखी कळवा की अमुक तारखेला ताबा घ्यावा. नागपुरात रेल्वेचे दोन विभाग आहेत, मध्य रेल्वेचा आणि दक्षिण पूर्व मध्य रेल्वेचा. अजनीची कॉलनी मध्य रेल्वेकडे, मोतीबागेची दुसऱ्याकडे. सेवा एका विभागात आणि क्वार्टर दुसऱ्याचं असेल तर पत्रं दोन्हीकडे जायला हवीत, नाहीतर एक विभाग ना-देय (काही बाकी नसल्याचा दाखला) देतो आणि दुसरा अडवतो. तुमचं तसं आहे का ते वाटपपत्रावर पाहा.

ताब्याच्या दिवशी फिटिंगची यादी समोर बसून तपासा: पंखे, दिवे, मीटर, नळ, फ्लश टाकी, दारांच्या कड्या, खिडक्यांच्या काचा. तुम्ही स्वतः घातलेला पत्र्याचा शेड, कूलरचा कठडा किंवा मागची भिंत असेल तर ती आधी काढा. विनापरवाना बांधकामावर आयओडब्ल्यूची माणसं मेमो अडवतात आणि त्यांचं म्हणणं नियमाला धरून असतं. प्रत्येक खोलीचा, मीटरच्या आकड्यासह, तारीख दिसेल असा व्हिडिओ काढा. विजेचं आणि पाण्याचं अंतिम बिल त्याच दिवसाच्या आकड्यावर मागा. मेमोवर दोन्ही बाजूंच्या सह्या, तारीख आणि वेळ घ्या. ताबा घ्यायला कोणी आलंच नाही, तर त्याच दिवशी चावी कार्यालयात लेखी पत्रासह आवक शिक्क्यावर जमा करा आणि पत्राची प्रत स्पीड पोस्टने व ईमेलने पाठवा. पुढे “आम्ही ताबा १५ फेब्रुवारीला घेतला” असं कोणी लिहिलं तर हे तुमच्याकडचं उत्तर आहे. आणि रिकाम्या क्वार्टरमध्ये दोन महिने भाच्याला राहू देण्याचा विचार मनात असेल तर काढून टाका. पोटभाडेकरू ठेवल्याचा ठपका आला तर आजारपणाचा तुमचा चांगला मुद्दाही कोणी ऐकणार नाही.

मेमो हातात आला की दुसऱ्याच दिवशी ग्रॅच्युइटीचा अर्ज. जानेवारीअखेर ताबा दिलात तर ऑगस्ट ते जानेवारी सहा महिन्यांचा दंड, त्यांच्याच दराने, १,२६,००० होतो. म्हणजे सगळी वादग्रस्त रक्कम बाजूला ठेवली तरी १४,१८,७३० रुपये (आणि वीज-पाण्याची बाकी असल्यास ती वजा) रोखण्याला आता कारण उरत नाही. अर्जात हाच आकडा लिहा. “वादग्रस्त रकमेवरचा हक्क राखून उर्वरित रक्कम तात्काळ द्यावी” हे वाक्य न विसरता घाला. पैसे घेताना कोणत्याही छापील फॉर्मवर “पूर्ण व अंतिम” असं असेल तर सहीपाशी “आक्षेप राखून” असं हाताने लिहा. ताब्यानंतरचा उशीर प्रशासनाचा असेल तर पीएफच्या दराने व्याजाची मागणी तिथून उभी राहते.

दाद कुठे मागायची, यात लोक वर्ष घालवतात. इस्टेट ऑफिसरने कलम ५ (निष्कासन) किंवा ७ (नुकसानभरपाई) खाली आदेश केला तर अपील जिल्हा न्यायाधीशांकडे, कलम ९ खाली, १२ दिवसांत. निष्कासनाच्या आदेशात हे १२ दिवस आदेश प्रसिद्ध झाल्यापासून, म्हणजे तो दारावर चिकटवल्यापासून मोजतात, तुम्ही गावाहून परत आल्यापासून नाही. नुकसानभरपाईच्या आदेशात तो तुम्हाला कळवल्यापासून. जिल्हा न्यायालयाच्या निर्णयानंतर फक्त उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात रिट. ग्रॅच्युइटी मिळत नाही, त्यावर व्याज नाही, महागाई मदत कापली, हे सेवेचे प्रश्न. त्यांसाठी केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे कॅट. मुंबई खंडपीठाच्या फिरत्या बैठका नागपुरात होतात. अर्जाचं शुल्क ५० रुपये आहे. आधी खात्याकडे निवेदन द्यायचं, सहा महिन्यांत उत्तर आलं नाही तर त्यापुढे एक वर्षाची मुदत. निष्कासनाचं प्रकरण घेऊन कॅटकडे जाऊ नका. ते तिथे चालत नाही असं सर्वोच्च न्यायालयाने रसिला राम प्रकरणात ठरवलं आहे.

पेन्शनरांच्या व्हॉट्सअॅप गटांवर गोरखपूर विद्यापीठाचा २००१ चा निकाल फिरत असतो: क्वार्टरच्या कारणाने निवृत्तीचे लाभ रोखता येत नाहीत. तो निकाल खरा आहे. पण त्याच वर्षी वझीरचंद प्रकरणात, रेल्वे कर्मचाऱ्याच्याच बाबतीत, सर्वोच्च न्यायालयाने ग्रॅच्युइटीतून दंडात्मक भाडं वळतं करणं योग्य ठरवलं. २००५ मध्ये ओएनजीसीच्या वॉरियर प्रकरणातही कौल खात्याच्या बाजूने गेला. तुमच्यावर रेल्वेचा स्पष्ट लेखी नियम लागू आहे, तेव्हा गोरखपूरच्या निकालावर सगळी भिस्त ठेवणाऱ्या वकिलाला वझीरचंदबद्दल विचारा. उत्तरावरून तुम्हाला पुरेसं कळेल.

हे सदर वाचणाऱ्यांपैकी बरेच जण रविनगरसारख्या राज्य शासनाच्या वसाहतींत राहतात. त्यांना वरचं जसंच्या तसं लागू नाही. त्यांच्यासाठी १९५५ चा शासकीय जागा निष्कासनाचा राज्याचा कायदा, १९८२ चे महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम आणि दाद मागायला महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाचं नागपूर खंडपीठ. ताबा पावती आणि पोहोच यांचं महत्त्व मात्र तिथेही तितकंच.

रेल्वे प्रवासाच्या मोफत पासचं विसरू नका. अनधिकृत ताब्याच्या प्रत्येक महिन्यामागे निवृत्तीनंतरच्या पासचा एक संच नाकारला जातो आणि त्याआधी कारणे दाखवा नोटीस यायला हवी. ती आली तर ऑगस्ट ते नोव्हेंबरच्या चार संचांसाठी हेच उत्तर द्या की तो काळ नियमित करण्याचा अर्ज प्रलंबित आहे.

राहिला बिल्डर. त्याचा उशीर रेल्वेपुढे चालत नाही, पण त्याच्यापुढे चालतो. प्रकल्प महारेरात (बांधकाम प्रकल्पांवर देखरेख करणाऱ्या राज्याच्या प्राधिकरणात) नोंदलेला असेल तर करारातली ताब्याची तारीख उलटल्यापासून प्रत्येक महिन्याचं व्याज रेरा कायद्याच्या कलम १८ खाली मागता येतं. महाराष्ट्रात ते स्टेट बँकेच्या सर्वोच्च एमसीएलआरवर (बँकेच्या कर्जाच्या पायाभूत व्याजदरावर) २ टक्के, तुम्ही भरलेल्या रकमेवर. तक्रार ऑनलाइन होते, शुल्क ५,००० रुपये. करार करताना तारीख कोरी ठेवलेली नाही ना, हे आजच पाहा. डिसेंबर-जानेवारीचं दंडात्मक भाडं आणि नव्या घराचं भाडं यांच्या पावत्या त्या तक्रारीसाठी जपून ठेवा. नुकसानभरपाईची मागणी त्यांच्यावरच उभी राहते.